अंगणातली खुर्ची

न्सिमिरेनं जांभळा झगा डोक्यावरून खाली ओढला आणि तो छातीवरच अडकून बसला. दोन्ही हात वर, तोंड कापडात, आणि चहूबाजूंनी बायकांचं खिदळणं.

"अगं, तो पोरींचा झगा!" नाबिन्तूमावशीनं खसकन तो परत वर ओढून काढला. "तुझा तिकडे, खिळ्याला. बाळाचं, आशूझाचं दूध काय इथंच सांडवणारेस?"

"मग आधी सांगायचं ना!"

"सांगायला तू थांबतेस कुठे? सकाळपासून नुसती शेपटी पेटल्यासारखी फिरतेयस."

खरंच होतं ते. पहाटेपासून न्सिमिरेचा पाय ठरत नव्हता. चर्चमागच्या त्या खोलीत गायकवृंदातल्या झाडून सगळ्या बायका दाटीवाटीनं झगे चढवत होत्या, डोक्यावरून कापडं ओढून तोंडं झाकत होत्या, एकमेकींना ओळखायचा खेळ खेळत होत्या आणि हरत होत्या. बाहेर शाळेच्या मैदानावर भला मोठा तंबू लागला होता. बुकावू शहरातून लष्करी न्यायालय आलं होतं. तीन वर्षांपूर्वी ज्याच्या माणसांनी हे गाव ओरबाडलं, तो कर्नल बेड्या घालून आणला होता. अख्खी दरी लोटली होती. तळलेले गोळे आणि ऊस विकणाऱ्यांनी तंबूबाहेर जत्रा भरवली होती.

झग्यांची ही शक्कल नाबिन्तूमावशीची. बायकांच्या बाजूच्या वकीलबाई ओदेत यांनी पाच साक्षीदार बायकांसाठी शहरातून पाच काळे बुरखे आणले होते. ते बघून मावशी हसतच सुटली होती.

"बाई, तोंड झाकून काय होणार? आमच्याकडे समोरच्या डोंगरावरून पाण्याला चाललेली बाई कुणाची कोण, ते नुसत्या चालीवरून सांगतात. हे बुरखे घालून तंबूपर्यंत गेल्या, की पोरंसोरंसुद्धा नावं घेतील."

"मग काय करायचं?" वकीलबाईंनी विचारलं होतं.

"आम्ही सगळ्याच येतो की. गायकवृंद म्हणून. गाताना आम्ही चालतो कुठे, आम्ही झुलतो."

पाचातल्या चौघींनी सैनिक पाहिले होते. कर्नलला पाहिलं होतं ते फक्त न्सिमिरेनं. आणि खटल्याचं सगळं घोडं नेमकं तिथंच अडलं होतं. वकीलबाईंनी तिला समजावून सांगितलं होतं, की कर्नल म्हणणार, मी कुणाला हात लावला नाही, मी तिथे नव्हतोच. पण जगभरच्या देशांनी मिळून एक कायदा केलाय. माणसं त्याची असतील, त्याच्या डोळ्यांदेखत हे चाललं असेल आणि त्यानं थांबवलं नसेल, तर तो गुन्हा त्याच्याही गळ्यात पडतो. फक्त तो तिथे होता हे कुणीतरी सांगायला हवं.

न्सिमिरे सांगायला तयार होती. तिला भीती न्यायाधीशांची नव्हती, कर्नलची तर नव्हतीच. तिला भीती होती मुरहुलाची. तिचा नवरा तेव्हा सोन्याच्या खाणीवर होता. तो परत आला तेव्हा तिनं सांगितलं होतं, की सैनिकांनी शेळ्या नेल्या आणि मोठं पातेलं नेलं. बस, तेवढंच. पलीकडच्या चिरेझीनं आपल्या नवऱ्याला खरं सांगितलं, तर त्यानं तिची चटई आणि तिचं बोचकं रस्त्यावर आणून ठेवलं होतं. न्सिमिरेनं ते बोचकं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. तिला मुरहुला हवा होता, हे घर हवं होतं, आणि आता तर तान्हा आशूझा होता. आज सकाळी ती मुरहुलाला म्हणाली, की पाद्रीबाबांनी सगळ्या गायकवृंदाला तंबूत बसायला सांगितलंय. तो म्हणाला बरं, आणि बाजाराला जायला निघाला. बाळ सासूकडे ठेवून ती इकडे पळाली होती.

"चला!" मावशीनं टाळी वाजवली. "दोन पावलं पुढं, एक मागं. कुणी नेहमीसारखी चालली तर माझ्याशी गाठ आहे."

जांभळी रांग मैदानात उतरली. दोन पावलं पुढं, एक मागं, खांदे डावीकडे, खांदे उजवीकडे. गर्दी बाजूला झाली. कुणीतरी ओरडलं, "ती तिसरी चिरेझी!" दुसरा म्हणाला, "हट्, चिरेझी उंच आहे." झग्यांच्या आत हसू दाबता दाबता बायकांच्या नाकी नऊ आले. न्सिमिरेचं काळीज इतकं जोरात उडत होतं, की पावलांचा ताल आपोआप पकडला जात होता.

तंबूत एका बाजूला ताडपत्रीचा पडदा लावला होता. सगळ्याजणी त्यामागच्या बाकांवर जाऊन बसल्या. आता कोण उठलं, कोण बोललं, बाहेरच्यांना कळायची सोय नव्हती. तेवढ्यात शिपायानं आरोळी ठोकली, "सगळे उभे राहा!" न्यायाधीश आत आले.

आणि तिथंच घोटाळा झाला. अंगात झगा, समोर मोठी माणसं आणि उभं राहायचा हुकूम. वर्षानुवर्षांची सवय ती. पहिल्या बाकावरच्या जाड आवाजवालीनं सूर धरला, दुसऱ्या बाकानं तो उचलला, आणि बघता बघता पडद्यामागून रविवारचं स्तोत्र चार आवाजांत तंबूभर घुमायला लागलं. बंदूकधारी शिपाई गोंधळून इकडेतिकडे बघू लागला. कर्नलचा वकील ताडकन उठून म्हणाला, "हे काय चाललंय? हरकत आहे!" बाहेरची गर्दी तोवर टाळ्यांचा ताल धरून मोकळी झाली होती.

मुख्य न्यायाधीश कडवं संपेपर्यंत उभेच राहिले. मग म्हणाले, "आमेन. आता बसूया का?"

तंबू हसला. तीन वर्षांत पहिल्यांदा न्सिमिरेला वाटलं, की आज काहीही होऊ शकतं.

तिसऱ्या साक्षीला तिची पाळी आली. पडद्याच्या कडेला दुभाष्या बसला होता. तिनं त्याच्या कानाशी गावच्या माशी बोलीत कुजबुजायचं, त्यानं ते स्वाहिलीत मोठ्यानं सांगायचं, म्हणजे आवाजही ओळखू येणार नाही, असं ठरलं होतं. ती स्टुलावर बसली. ताडपत्रीला फट होती. फटीतून कर्नल दिसला. जाडावला होता, गणवेश कडक इस्त्रीचा. आणि त्याच्या मागे, लोकांच्या तिसऱ्या बाकावर, गुडघ्यावर टोपी ठेवून मुरहुला बसला होता.

तिनं मागे हात करून मावशीचा झगा धरला.

"मावशी, ते आलेत. बाजाराला गेलेच नाहीत."

मावशीनंही फटीतून पाहिलं. मग पुटपुटली, "पडद्याआड तू कुणीही असशील. इथल्या कुठल्याही घरातली. नाव घेऊ नकोस आणि बोल. पोरी, तू नाही बोललीस तर तो कडक इस्त्रीत घरी जाईल."

न्सिमिरे बोलली. आधी शब्द अडखळत आले, मग वाट फुटली. संध्याकाळ होती. मूलबाळ नव्हतं तेव्हा. घेवड्याचे दाणे चुलीवर शिजत होते. सैनिक आले. तिघांनी तिला आत ओढलं. त्यांनी काय केलं, ते तिनं वकीलबाईंनी सांगितल्याप्रमाणे सरळ शब्दांत सांगितलं, न थांबता. दुभाष्याचा आवाज मात्र दोनदा घोगरा झाला.

"आणि आरोपी?" सरकारी वकिलानं विचारलं.

"अंगणात जेवत होता. आमच्याच घेवड्याचे दाणे. मी आतून ओरडत होते, त्याला ऐकू जात होतं. मधेच त्यानं आपल्या माणसांना हाक मारली, म्हणाला, मीठ कुठे ठेवलंय ते विचारा तिला."

दुभाष्यानं ते सांगितलं. मग कुठूनतरी एका म्हातारीनं मोठ्यानं शिवी हासडली, आणि ती थांबवायला शिपाईसुद्धा हलला नाही. कर्नलनं पहिल्यांदाच मान खाली घातली. न्सिमिरेच्या अंगात वारं भरलं. तिला वाटलं उठावं, पडदा फाडावा, आणखी विचारा म्हणावं!

कर्नलचा वकील उठला. गोड माणूस होता.

"अंगणात जेवत होता म्हणता. जमिनीवर बसून?"

"नाही, खुर्चीवर," ती तडक म्हणाली. "माझ्या नवऱ्याच्या खुर्चीवर. चामड्याच्या पट्ट्यांची, एकच हात असलेली. तिच्यावर घरातलं दुसरं कुणी बसायचं नाही, आणि तो खुशाल बसला!"

दुभाष्यानं वाक्य संपवलं, तेव्हा कुठे तिच्या लक्षात आलं आपण काय बोलून बसलो ते. एकाच हाताची खुर्ची. गावाला ती कुठून आठवणार, पण तिसऱ्या बाकावरच्या माणसानं ती स्वतःच्या हातानं बांधली होती. फटीतून बघायचा तिला धीर होईना.

"वा," वकील म्हणाला. "मग ती खुर्ची न्यायालयाला दाखवता येईल."

"नाही... ती आता नाही."

"कुठे गेली?"

"नवऱ्यानं तोडली. कुऱ्हाडीनं. आणि जाळली."

"केव्हा?"

"खाणीवरून परत आला, त्याच आठवड्यात."

"म्हणजे तुम्ही त्याला सांगितलं, की तिच्यावर कोण बसलं होतं."

"नाही. मी त्याला काहीच सांगितलं नव्हतं."

"काहीच सांगितलं नाही, आणि त्यानं चांगली धडधाकट खुर्ची तोडून जाळली?" वकिलानं न्यायाधीशांकडे पाहून हात पसरले. "ही खुर्ची कधी होती तरी का, हाच प्रश्न आहे. मला आणखी काही विचारायचं नाही."

तो समाधानानं खाली बसला. न्सिमिरे स्टुलावर तशीच बसून राहिली. खुर्चीचा पाय हलायला लागलाय, सरपणाला घेतो, असं मुरहुला तेव्हा म्हणाला होता. पण सरपण तर तेव्हा परसात छपरापर्यंत रचलेलं होतं. तिनं फटीला डोळा लावला. तिसऱ्या बाकावरची जागा रिकामी होती.

पुढं काय काय झालं ते तिला धड कळलं नाही. उरलेल्या दोघी बोलल्या. न्यायाधीशांनी उद्याची वेळ दिली. वकीलबाई पडद्यामागे धावतच आल्या आणि त्यांनी तिचे दोन्ही हात गच्च धरले.

"मीठ! तुझ्या घराच्या दुसऱ्या बाजूच्या शेजारणीनंही तीच हाक ऐकलीय, आत्ताच म्हणाली, उद्या तीही सांगणार आहे. आता तो सुटत नाही, न्सिमिरे!"

"पाडलंस की गं त्याला!" मावशीनं पाठीत धपका घातला. बायका झग्यांच्या बाह्यांनी डोळे पुसत होत्या, हसत होत्या, एकमेकींना चिमटे काढत होत्या. न्सिमिरेही हसली. आनंद खरा होता, छातीत मावत नव्हता, आणि त्याच्याच बुडाशी ती रिकामी जागा होती. मुरहुला गेला होता. एव्हाना घरी पोचला असेल. बोचकं बांधायला वेळ तो कितीसा लागतो. दूध दाटून झगा दोन ठिकाणी ओला झाला होता, आणि आशूझा कधीचा उपाशी होता.

"चला गं, झुलत झुलत," मावशी म्हणाली. "खोलीत पोचेपर्यंत कुणी कापड काढायचं नाही."

जांभळी रांग तंबूतून बाहेर पडली. दोन्ही बाजूंना गर्दी उभी होती, सकाळपेक्षा बरीच गप्प. दोन पावलं पुढं, एक मागं. मैदानाच्या टोकाला डोंगराच्या वाटेवरून कुणीतरी धापा टाकत उतरत होतं. टोपी कुठेतरी पडलेली, काखेत किंचाळणारं पोर.

मुरहुला सरळ रांगेकडे आला. पहिल्या झग्यापाशी थांबला नाही, दुसऱ्यापाशी नाही. उंच चिरेझीला वळसा घातला, मावशीला ओलांडलं, आणि न्सिमिरेसमोर उभा राहून त्यानं बाळ तिच्या हातात दिलं.

"घे. आजीच्या हातून पेजसुद्धा घेईना."

रांग थांबली. बाळानं झग्यावर तोंड घासलं. गर्दीतून कुणीतरी खिजवलं, "काय रे मुरहुला, एवढ्या बुजगावण्यांत बायको बरी सापडली?"

"माझी आहे," तो मागे न बघता म्हणाला. "मला नाही सापडणार तर काय तुला?"

त्यानं अंगातला कोट काढला, कडेच्या दगडावर पसरला. "बस." ती बसली. तो तिच्या आणि गर्दीच्या मधे पाय रोवून उभा राहिला, घामानं शर्ट पाठीला चिकटलेला. कापडाआडून तिला त्याचा चेहरा नीट दिसत नव्हता.

"तेव्हा खुर्चीचं तुम्हाला कुणी सांगितलं?" तिनं हळूच विचारलं. "आणि मग तीन वर्षं..."

"आधी त्याला पाज," मुरहुला म्हणाला. "भूक लागलीय त्याला."