गच्च शिवण

"फेटाळला," खिडकीतला कारकून म्हणाला आणि त्याने फाइल ताईकडे सरकवली.

ताई म्हणजे कोर्टामागच्या गल्लीतली बाइंडिंगवाली. तिचा थोरला भाऊ एका मारामारीच्या खटल्यात सव्वा वर्ष तुरुंगात होता, निकाल अजून लागायचाच होता. त्याचा एक डोळा आधीच गेलेला, दुसऱ्याचा पडदा सुटत चाललेला. महिन्याभरात बाहेरच्या इस्पितळात ऑपरेशन झालं नाही तर तोही जाईल, असं तुरुंगाच्या डॉक्टरनेच लिहून दिलं होतं. त्या परवानगीसाठी हा अर्ज.

"साहेबांनी वाचला तरी का?"

"त्यांच्यापर्यंत जायला हवा ना! डावीकडचा समास शिवणीत गेलाय. ओळीची पहिली अक्षरंच दिसत नाहीत. हरकत काढली होती, चौदा दिवसांत दूर केली नाही. मग आपोआप फेटाळला जातो."

"मला कुणी कळवलं?"

"तिसऱ्या मजल्यावरच्या फलकावर लावली होती की. तुमच्या वकिलांनी बघायला नको?"

वकील गावाला गेले होते. आणि शिवण तिचीच होती. वकिलांनी कागद नुसत्या नाडीत ओवलेले पाहून तिला राहवलं नव्हतं. दादाचा कागद, एखादं पान गळालं तर? तिने मेणाच्या दोऱ्याने गच्च शिवून दिले. चूक तिची, कबूल. पण चौदा दिवस एक माणूस आंधळा होत होता आणि त्या अख्ख्या इमारतीत दोन टाके उसवायची बुद्धी एकालाही झाली नाही!

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने तिथेच दातांनी दोरा तोडला, सर्रकन ओढून काढला आणि पानं खिडकीत आपटली.

"दिसला समास? घ्या आता."

"असं नाही चालत, ताई. पुन्हा दाखल करायचा वेगळा अर्ज लागेल. उशिराच्या माफीचा वेगळा. दोन्हींवर अर्जदाराची सही."

"माफी आम्ही मागायची? एक फोन करायला तुमचे हात झडले होते?"

कारकुनाने खिडकी लावून घेतली. जेवणाची सुट्टी झाली होती.

नवे अर्ज, मग भेटीची परवानगी, यात आणखी तीन आठवडे गेले. भेटीच्या खोलीत तिने सगळे कागद दादासमोर ठेवले. त्याने जुना अर्ज चाचपला. कडेच्या भोकांवरून त्याचं बोट हळूहळू खाली गेलं.

"हे तुझंच काम. उसवलंस का गं?"

तिने पेन त्याच्यापुढे धरलं. तो समोरच्या भिंतीकडे बघत राहिला.

"सही कुठे करायची, ते बोट धरून दाखव," तो म्हणाला.

दात-ओठ खात तिने त्याचं बोट उचललं आणि 'झालेल्या उशिराबद्दल क्षमा असावी' या ओळीखाली नेऊन ठेवलं.