सोंडेचा गोल

सगळ्या चित्रपटात कुठं अडलं नाही ते घोडं शेवटच्या शिट्टीशी अडलं.

सात मिनिटांचा हसवणारा कार्टूनपट. प्राण्यांचा फुटबॉल. चित्रकर्तीनं दोन वर्षं उजेडाच्या पेटीवर वाकून एकेक कागद काढला होता. चोवीस कागद झिजावेत, तेव्हा पडद्यावर एक सेकंद उमलावा. शेवटी हत्ती सोंडेनं चेंडू जाळ्यात भिरकावतो, पंच बगळा लांब शिट्टी फुंकतो, खेळ खलास. त्या शिट्टीसाठी तिनं वडिलांना आणलं होतं. तीस वर्षं मैदानावर पंच होते. लोक त्यांना शिट्टीमास्तरच म्हणत. ध्वनिमुद्रणाची खोली पाचपर्यंतच आपली, उद्या सकाळी कागद कॅमेऱ्याखाली जायचे. शिट्टी नाही, तर शेवट मुका.

आणि मास्तर खिशातून शिट्टी काढेनात.

"हँड आहे तो."

"बाबा, सोंड आहे ती. नाक!"

"नाकानं कुणी चेंडू उचलतं? उचलला, धरला, फेकला. हातच झाला."

"अहो, कार्टून आहे! पाणघोडा गोलकीपर आहे, त्याला नाही काही म्हणालात?"

"पाणघोड्याला नियमात बंदी कुठंय?"

काचेपलीकडच्या ध्वनिवाल्यानं मघाशी स्वतःची शिट्टी फुंकून पाहिली होती. कुकर झाल्यासारखी निघाली. चित्रकर्तीनं कपाळावर हात मारून घेतला. साडेतीन वाजले होते.

"हात जोडते, बाबा. एकच फुंकर."

"गोलची शिट्टी लांब, गुन्ह्याची तोडलेली. लांब वाजवली की गोल दिला मी. आण ते कागद."

मास्तरांनी गठ्ठा बोटांत धरला. कागद फडफडले, हत्ती धावला. मागं उलटले, हत्ती मागं आला. पुन्हा पुढं, पुन्हा मागं. तिसऱ्यांदा बोटं थबकली.

"एका अंतिम सामन्यात असाच गोल दिला होता मी," ते हळूच म्हणाले. "हाताला लागला का छातीला, पापणी लवेस्तोवर झालं सगळं. हरलेल्यांचा कप्तान नुसता बघत राहिला. असं मागं उलटून बघायला मिळालं असतं ना, पोरी..."

हे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. तिचा राग गेला नाही. पण त्याला टेकायला जागा उरली नाही. तिनं पेन्सिल उचलली.

सहा मुख्य कागद, मधले रात्रीतून भरायचे. हत्ती ऐटीत सोंड उंचावतो. बगळा पंख आडवा धरतो, गोल नाही! अख्खं मैदान त्याच्या अंगावर धावून येतं, धुरळा उठतो, धुरळा बसतो. बगळा तिथंच, एका पायावर, तसूभर हललेला नाही. पाय काढता काढता थेट वडिलांचेच उतरले. तिनं खोडले नाहीत.

"आता बरोबर," मास्तर म्हणाले. "मोजा घसरलाय त्याचा. वर घे."

तिनं दात ओठ खात मोजा वर घेतला.

पाचाला दहा कमी. मास्तर उठले, शर्टाचं वरचं बटण लावलं, छाती भरली. तोडलेली शिट्टी अशी कडाडली, की काचेपलीकडचा माणूस कानावरचे हेडफोन काढून उभाच राहिला आणि मग अंगठा उंचावून हसला.

"झालं!" चित्रकर्ती खुर्चीत कोसळली. "सुटले बाई."

"सुटलीस कुठं?" मास्तर शिट्टी पुसत होते. "इतकी उघड चोरी, आणि हत्तीला पिवळं कार्ड नाही?"

तिनं वडिलांकडं पाहिलं, घड्याळाकडं पाहिलं, आणि पेन्सिलीला टोक काढायला घेतलं.