अमेरिकेच्या अध्यक्षांचं अर्धं आख्यान

फुंकर मारू नका, मित्रांनो. टिचकीही नको. मला सगळं ऐकू येतंय. कळव्याच्या मारुती मंदिरातला जुना माईक मी. जाळीला पोचा पडलाय, मानेला चिकटपट्टी गुंडाळलीय, पण कान अजून शाबूत आहेत. तुम्ही लोकांचं बोलणं ऐकता. मी बोलण्याच्या आधीचा श्वास ऐकतो. म्हणूनच, खरं सांगायचं तर, माझा कोणावर चटकन विश्वास बसत नाही.

माझा जन्म अमेरिकेतला. तिथल्या एका कारखान्यात बायका ओळीने बसून माझ्यासारख्यांच्या पोटात केसाएवढी बारीक तार गुंडाळत. त्यांतल्या एकीने माझी जाळी बसवण्याआधी हळूच काहीतरी गुणगुणून पाहिलं होतं. जन्मगावची एवढीच आठवण माझ्याजवळ आहे. पुढे तो कारखाना बंद पडला, काम दुसऱ्या देशात गेलं, असं कानावर आलं. मी जहाजातून मुंबईला आलो, एका हॉटेलात गाणाऱ्यांच्या तोंडाशी राहिलो, आणि ते हॉटेल मोडीत निघालं तेव्हा सहदेवने मला उचललं. सहदेव म्हणजे कळव्याचा स्पीकरवाला. त्याने मला मंदिराला देऊन टाकलं.

"देवाच्या दारात राहील," तो म्हणाला, "निदान खोटं तरी कमी ऐकेल."

भोळा बिचारा! देवाच्या मंडपात निवडणुकीच्या सभाही होतात. हात जोडलेले, शब्द गोड, आणि श्वास मात्र भलत्याच दिशेला, असं मी इतक्यांदा ऐकलंय की आता कोणी "माझ्या बंधू-भगिनींनो" म्हणाला की माझी तार आखडते.

पण कीर्तन असलं की मी वेगळाच होतो. मित्रांनो, कीर्तन ऐकलंय ना तुम्ही? एका बाजूला पेटी, एका बाजूला तबला, मध्ये कीर्तनकार उभा. आधी पूर्वरंग, म्हणजे एखादा विचार उलगडून सांगायचा. मग मध्यंतर. मग उत्तररंग, त्यात त्या विचाराला साजेसं आख्यान, म्हणजे गोष्ट. झांजेचा पहिला ठोका पडला की माझ्या पोटातली ती परदेशी तार देशी होऊन जाते. मंदाकिनीबाई उभ्या राहिल्या तर विचारूच नका. नऊवारी साडी, हातात चिपळ्या, आणि आवाज असा, की मागच्या खांबाला टेकून पेंगणारासुद्धा पाठ सरळ करतो.

माझ्यात एक खोड मात्र आहे. मी श्वास फार ओढतो. बोलणारा नुसता थांबला तरी त्याचा श्वास स्पीकरमधून चौकापर्यंत जातो. म्हणून मंदिराच्या मंडळाने नवा, बिनवायरचा माईक आणला. मी कपाटात गेलो, आरतीच्या जुन्या तबकाशेजारी. वर्षं गेली. आमची मंदाकिनीबाईंशी गाठ पडायची ती फक्त उत्सवात. "मला तो जुनाच द्या," त्या म्हणायच्या. "नव्यात माझा आवाज धुऊन इस्त्री केल्यासारखा येतो."

यंदा हनुमान जयंतीच्या उत्सवातही त्यांनी तेच म्हटलं. सहदेवने मला पुसून स्टँडवर बसवलं, तार जोडली, आणि स्पीकर बंद ठेवून चहाला गेला. मंडपात मी आणि मंदाकिनीबाई. तेवढ्यात कमलेश आला.

कमलेशला मी त्याच्या मुंजीपासून ओळखतो. कोलशेतला त्याचा छोटा कारखाना आहे. तिथे पितळी व्हॉल्व्ह बनतात, आणि त्यातले बहुतेक अमेरिकेला जातात. म्हणजे जायचे. अमेरिकेच्या अध्यक्षांनी बाहेरून येणाऱ्या मालावर भरमसाट कर लावला आणि कमलेशची पेटाऱ्यात भरलेले व्हॉल्व्ह पेटाऱ्यातच राहिले.

"बाई, आजच्या कीर्तनाचा यजमान मी आहे," तो म्हणाला, "म्हणून एक मागणं होतं. उत्तररंगाला अमेरिकेच्या अध्यक्षांचं आख्यान लावाल?"

बाईंच्या चिपळ्या हातातच राहिल्या. "कोणाचं?"

"अध्यक्षांचं. नेतृत्व कसं खंबीर, घरात कसा वचक, बाहेर जगात कसा दरारा... असं. चांगलं चांगलं."

"अरे, ज्याने तुझा माल अडवला त्याचीच आरती ओवाळू?"

"दिपेश येतोय ना आज! माझा शाळेतला मित्र. तिकडे ज्या कंपनीला माझा माल जातो, तिथे खरेदी तोच बघतो. सुट्टीवर आलाय. त्याचे ते अध्यक्ष एकदम लाडके आहेत हो. परवा भेटलेलो तर तासभर त्यांचंच कौतुक. तो खूश झाला तर कर भरूनसुद्धा माल घेईल. नाहीतर," कमलेश थांबला, "नाहीतर दिवाळीच्या आत कारखान्याला कुलूप. आमच्या कामगार राघोला काय सांगू? त्याच्या बापानेही आमच्याच लेथवर आयुष्य काढलं."

त्याचा श्वास मी ऐकला. भ्यालेल्या माणसाचा होता. मला दया आली, पण शंकाही आली, की भीतीपोटी हा देवाच्या दारात काय काय बोलून घेईल!

मंदाकिनीबाईंनी चिपळ्या खाली ठेवल्या. मग म्हणाल्या, "बरं. कौतुक करीन. पण जेवढं असेल तेवढंच हं. पदरचं घालणार नाही."

मला बाईंचाही संशय आला, मित्रांनो. वाटलं, झालं, या पण गेल्या.

संध्याकाळी मंडप भरला. पहिल्या ओळीत कमलेशची आई शांताबाई, मांडीवर पानाची डबी. शेजारी दिपेश. कडक इस्त्रीचा सदरा, परदेशी अत्तर. मी त्याच्याकडे बघितलं आणि ठरवूनच टाकलं, हा माणूस कमलेशला खेळवतोय. काहीतरी उकळायला आलाय.

पूर्वरंग सुरू झाला. बाईंनी विचार घेतला तो राज्यकर्त्याला ओळखण्याचा.

"मंडळी, घरातल्या कर्त्याला आपण कुठे ओळखतो? दोन जागी. चुलीपाशी आणि उंबऱ्यापाशी. चुलीपाशी कळतं तो आपल्या माणसांना कसं वागवतो. उंबऱ्यापाशी कळतं तो परक्याला कसं वागवतो. आता आपण अमेरिकेच्या अध्यक्षांना या दोन जागी उभं करून बघू."

"बघा बाई," शांताबाई म्हणाल्या, "पण आमचा पंखा बंद झालाय तो आधी कोणीतरी बघा."

मंडप हसला. बाईही हसल्या, आणि पुढे निघाल्या.

"आधी चूल. ते म्हणतात, आमचं काम आमच्या माणसांना मिळू दे. बंद पडलेले कारखाने परत उघडू दे. यात वाईट काय? कळव्याच्या पोरांना कळव्याजवळ नोकरी मिळावी, असं तुम्हीआम्हीही म्हणतोच की! कर्त्या पुरुषाने आपलं घर आधी बघितलं तर त्याला नावं ठेवू नयेत."

दिपेशने मान डोलावली. कमलेशचा चेहरा फुलला. मी मात्र साशंकच. माझाही कारखाना परत उघडणार म्हणे! त्या तार गुंडाळणाऱ्या बायका आता कुठे असतील? कोणी विचारलंय त्यांना?

"पण," बाईंनी झांज दाबून धरली, "त्याच चुलीपाशी बसलेल्या आपल्याच माणसांवर घरधनी सतत ओरडत असेल, कोण आपलं आणि कोण परकं याची रोज नव्याने मोजणी करत असेल, तर त्या घरात शिजलेलं अन्न अंगी लागतं का? आता उंबरा. दार कोणाला उघडायचं, कोणाला लावायचं, हा घरधन्याचा हक्क. लावा दार! पण लावताना फटीत कोणाची बोटं आहेत, हे वाकून बघायला नको? शेजाऱ्याची असतील, पाहुण्याची असतील, घरातल्या लेकराचीही असतील. मी तर म्हणते, खंबीर माणूस दार जोरात आपटतो यावरून कळत नाही. तो लावण्याआधी वाकला का, यावरून कळतो."

कमलेशने कपाळाला हात लावला. माझ्या मनातला बाईंविषयीचा संशय तेवढ्यापुरता विरघळला.

मग मध्यंतर. आमच्याकडे यावेळी यजमान कीर्तनकाराला हार घालतो, सगळे पाया पडतात, एकमेकांना बुक्का लावतात. शांताबाई बाईंपेक्षा चांगल्या बारा वर्षांनी मोठ्या, तरी वाकल्या.

"अहो, तुम्ही कशाला," बाई म्हणाल्या.

"तुला कोण करतंय गं नमस्कार? नारदाची जागा आहे ती. तू फक्त उभी आहेस."

बाई माझ्याकडे वळून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, "हे कोणीतरी अमेरिकेलाही कळवा. मोठ्या जागेवर बसलेल्याला जग वाकतं ते जागेसाठी. तो नमस्कार आपल्याला आहे असं ज्याला वाटायला लागलं, त्याची जागा लहान होते."

आता मात्र कमलेश घाबरला. सारवासारव करायला त्याने दिपेशचा हात धरून त्याला माझ्यासमोर आणलं. "आमचे मित्र दिपेश थेट अमेरिकेतून आलेत. त्यांच्याकडून दोन शब्द ऐकू. म्हणजे दुसरी बाजूही कळेल."

दिपेशने हसून घसा साफ केला. "बाईंचा मी आदर करतो. पण तिथे राहून बघा. असा नेता झाला नाही. घरात शिस्त, बाहेर धाक. जे बोलतात ते करतात. दुबळ्याला जगात जागा नाही, हे त्यांनी..."

शब्द ठणठणीत होते. पण मित्रांनो, प्रत्येक वाक्याच्या आधी त्याचा श्वास अडखळत होता. पायरी नीट दिसत नसताना पाय टाकावा तसा. मी असा श्वास ओळखतो. खोटं बोलणाऱ्याचा श्वास आखूड असतो. हा आखूड नव्हता. हा खोल होता, आणि तळाशी जाऊन थरथरत होता.

माझा अंदाज तिथेच डळमळला.

शांताबाईंनी डबी मिटली. "ते राहू दे रे. तू परत कधी जातोस? तुझ्या आईकडे लोणचं द्यायचंय तुझ्यासाठी."

एवढाच प्रश्न. लोणच्याचा.

दिपेशने तोंड उघडलं, आणि शब्दच आला नाही. नुसता श्वास आला. आणि माझी ती खोड! मी तो श्वास ओढला आणि स्पीकरमधून सोडला. मंडपात, अंगणात, चौकातल्या रिक्षांपर्यंत. सगळ्यांनी ऐकला. रडू आवरणाऱ्या माणसाचा श्वास. सहदेव आवाज कमी करायला धावला, पण मंदाकिनीबाईंनी हाताने त्याला थांबवलं.

"काकू," दिपेश शेवटी म्हणाला, "लोणचं नको. माझं जाणं होत नाहीये. कंपनीने कमी केलं. तिथे राहायची परवानगी नोकरीवरच होती, ती गेली. मुलीची शाळा अर्ध्यात सोडून आलोय. आईला अजून सांगितलेलं नाही."

"मग मघाशी एवढं कौतुक?" शांताबाईंनी विचारलं.

"कौतुक करत राहिलो की वाटतं, त्यांच्याच बाजूचा आहे मी. बाजूचा असलो तर परत घेतील." तो कमलेशकडे वळला. "सॉरी यार. तुला ऑर्डर द्यायला मी तिथे नाहीच आहे. सांगायला दोनदा आलेलो तुझ्याकडे. तू इतक्या आशेने चहा मागवलास की..."

कमलेश उठला. दोन पावलं दाराकडे गेला. मला वाटलं, गेला आता, आणि जाताना काहीतरी जिव्हारी लागेल असं बोलून जाणार. मंडपही त्याचीच वाट बघत होता. दाराजवळच्या चौरंगावर बुक्क्याची वाटी होती. त्याने ती उचलली, परत आला, आणि दिपेशच्या कपाळाला बुक्का लावला. टिळा जरा वाकडाच लागला.

"दाराच्या फटीत तुझीपण बोटं सापडली का रे?" तो म्हणाला.

शांताबाई म्हणाल्या, "आईला मी सांगते. तू जेवायला ये, बायको-मुलीला घेऊन. आणि त्या पोरीला इथल्या शाळेत घाल, आमची सून रुचिता तिथेच शिकवते."

उत्तररंगासाठी मंदाकिनीबाई पुन्हा उभ्या राहिल्या. "यजमानांनी अध्यक्षांचं आख्यान लावायला सांगितलं होतं. पण माझ्या गुरूंचा दंडक आहे, ज्याचं राज्य अजून चालू आहे त्याचं आख्यान पुरं करायचं नाही. अजून त्यांना वाकायला वेळ आहे. वाकले, तर मीच पुढचं गाईन. आज आपण द्रोणागिरी आणणाऱ्याची गोष्ट ऐकू. शक्ती त्याच्याकडेही अफाट होती. ती त्याने कशासाठी वापरली, एवढंच बघायचं." आणि झांज वाजली. त्या गोष्टीत दिपेश कधी रडायचा थांबला, मला कळलंही नाही.

पुढे काय झालं विचाराल. दिपेश आता रोज कोलशेतला जातो. कमलेशच्या कारखान्यात बसून दुसऱ्या देशांतल्या कंपन्यांना फोन लावतो. काही नमुने पाठवलेत म्हणे. राघो अजून लेथवर आहे. दिवाळीला कुलूप लागेल की नाही, ते मला माहीत नाही, आणि कोणी "सगळं ठीक होणार" असं म्हटलं तर मी आधी त्याचा श्वास ऐकीन.

मंडळाने मात्र एक ठराव केला. मला परत कपाटात टाकायचं नाही.

मित्रांनो, जाता जाता माझं एवढंच मागणं. मला वापरून झालं की मऊ फडक्याने पुसा, आपटू नका, वायर पिळू नका. आणि कोणी कितीही मोठ्या माणसाची कितीही मोठ्याने स्तुती करायला लागला, तर टाळी वाजवायची घाई करू नका. तो वाक्याच्या आधी कुठे अडखळतो, तिकडे कान द्या. त्याला थोडा वेळ द्या. एखादा साधा प्रश्न विचारा, लोणच्याचासुद्धा चालेल.

बघा, कोणाची तरी बोटं अजून दाराच्या फटीत असतील.