हापशाचं वरण

"पाणी उकळून देता का हिला?" डॉक्टरबाईंनी मला विचारलं, आणि माझ्याआधी माझी सासू, रेणुका आत्या, हीच बोलली.

"उकळून म्हंजे? चांगलं खळखळा उकळून देते, बाई. ह्या लेकरानं बिनउकळीचा घोट घेतला न्हाई आजवर."

नांदेडच्या सरकारी दवाखान्यात आम्ही सकाळपासून रांगेत होतो. माझी लुंबिनी दुसरीत आहे. वर्षभरात तिचे पाय गुडघ्यातून आत वाकले होते. चालताना गुडघ्याला गुडघा घासायचा आणि पावलं लांब लांब पडायची. पोरं तिला "कैची" म्हणत. डॉक्टरबाईंनी तिच्या पायांचा एक्स-रे फोटो खिडकीच्या उजेडात धरला, मग लुंबीला दात दाखवायला सांगितलं. तिच्या दातांवर पिवळे-तपकिरी पट्टे आहेत. आमच्या गावात सगळ्यांच्याच दातांवर आहेत. आमच्याकडच्या पोरी हसताना तोंडावर पदर धरतात, आणि बाहेरच्यांना वाटतं, काय लाजाळू पोरी आहेत. मी मुदखेडची. माझा नवरा धम्मदीप मला बघायला आला तेव्हा त्याचे दात बघून मी आईला म्हणाले होते, पोरगा गुटखा खातो. बिचाऱ्यानं कधी सुपारीसुद्धा तोंडात टाकलेली नव्हती.

"पाणी कुठलं?"

"शाळंपाशी हापसा हाय, त्याचं."

"त्या हापशाला लाल रंग लावलाय का?"

"होता," आत्या म्हणाल्या. "लोकांचे हात लागून लागून गेला. लाल हाय मनूनच तर उकळतो आमी. हिरव्याचं तसंच प्या, लालाचं उकळून प्या. लहानं लेकरू बी सांगंल आमच्या गावचं."

डॉक्टरबाईंनी फोटो खाली ठेवला. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या हळू बोलल्या.

"आजी, उकळल्यानं जंतू मरतात. हा जंतू नाही. खोल खडकातला क्षार आहे, फ्लोराइड. उकळलं की पाणी वाफ होऊन उडतं, क्षार आहे तेवढाच राहतो. उरलेलं पाणी आणखी वाईट होतं. लाल म्हणजे उकळून नाही. लाल म्हणजे प्यायचंच नाही, स्वयंपाकालाही नाही."

मग त्यांनी आत्यांना मान वळवायला सांगितली. आत्यांची मान वळत नसे. मागून कुणी हाक मारली की बैलगाडी वळते तशी अख्खी बाई वळायची. कंबर वाकलेली, ती सरळ होत नसे. गावात त्याला वात म्हणतात. डॉक्टरबाई म्हणाल्या, हा वात नाही, हे तेच पाणी. "तुमचं आता फारसं काही होणार नाही, आजी. पण हिची हाडं अजून कोवळी आहेत. पाणी बदला, दूध द्या, कोरा चहा बंद करा. पाय वाकायचे थांबतील, थोडे सरळही होतील. उशीर केलात तर मग ऑपरेशनशिवाय इलाज नाही."

परतीच्या एसटीत आत्या गप्प होत्या. माझी सासू गप्प बसली म्हणजे काहीतरी मोडलं समजावं. एरवी कंडक्टरलाही तिनं चार गोष्टी सुनावल्या असत्या. भोकर गेलं, हिमायतनगर गेलं. इस्लापूरचा फाटा जवळ आला तेव्हा त्या समोरच्या सीटकडे बघत म्हणाल्या, "शाळंतल्या लेकरांला बी मीच हे पाणी घालून राहिले ना गं, पंचशीला?"

मी म्हणाले, "हाव."

दुसरं काय म्हणणार होते मी?

रेणुका आत्या शाळेत खिचडी शिजवायच्या. पहिली ते चौथी, सगळ्यांची ती रेणुकाआजी. तिच्या हातच्या वरणाचं नाव होतं. तपासणीला आलेले साहेब लोकसुद्धा दोनदा मागून घ्यायचे. आणि त्या वरणाचं गुपित साऱ्या गावाला ठाऊक होतं: हापशाचं पाणी. त्या पाण्यात तूरडाळ लोण्यासारखी मऊ होते, पाणी चवीलाही गोड. पाऊस मागे मागे हटत गेला, गावातल्या विहिरी एकेक आटल्या, बोअर खाली खाली गेलं, आणि तळातून हे गोड पाणी वर आलं. लोकांना वाटलं, नशीब उघडलं.

दुसरं पाणी एकच उरलं होतं. टेकडीपलीकडे, नाल्याकडेला, शाळेतल्या उद्धव गुरुजींच्या शेतातल्या विहिरीचं. उथळ विहीर, खोल खडकातलं पाणी नव्हे, काठाला हिरवा रंग. पण ते जड पाणी. त्यात डाळ शिजत नाही, म्हणून बायका त्याला हात लावत नसत. सरकारनं बसवलेलं फिल्टर होतं, पण ते बंद पडून कुलपात. पत्र्याच्या त्या खोलीत घोरपडीनं घर केलेलं.

दुसऱ्या दिवशी आत्यांनी विहिरीवरून पाणी आणून शाळेत डाळ टाकली. डाळ टणक ती टणकच. रात्रभर भिजू घालून पाहिली. सोडा टाकून पाहिला, तेव्हा शिजली, पण वरण काळपट झालं आणि साबणासारखं लागायला लागलं. लेकरांनी ताटं चिंचेखाली पालथी केली. कावळ्यांची चंगळ झाली. आठवडाभरात आईबाप तक्रार घेऊन शाळेत आले. बाई म्हातारी झाली, हात चालत न्हाई आता, म्हणाले. ज्यांना आत्यांनी लहानपणी वाढलं होतं तेच म्हणाले.

उद्धव गुरुजी माणूस वाईट नव्हे. त्यांनी आत्यांना खुर्ची दिली.

"रेणुकाबाई, तुमचं खरं आहे. मी वर कळवलंय, फिल्टर दुरुस्त होईल. पण लेकरं उपाशी घरी जाऊन राहिलीत हो. काहींना दिवसातलं हेच जेवण."

"फिल्टर येईस्तोवर त्यांच्या पायांनी थांबावं का, गुरुजी?"

 पुढच्या सोमवारपासून खिचडीचं काम गौरम्माला मिळालं. ती आमच्याच गल्लीतली, देगलूरकडून इथे लग्न होऊन आलेली, नवरा गेलेला. तिनं हापशाचं पाणी भरलं, डाळ पहिल्या वाफेला फुटली, लेकरं पोटभर जेवली. मी चिडले. आत्यांना म्हणाले, तुम्ही तिला काहीच बोलत नाही?

"बोलले मी तिला. ती मनली, मामी, डाळ न्हाई शिजली तर मला बी काढतील. खरंच हाय ते. तिच्या पोटावर कामून मारू मी?"

मग आत्यांनी सगळा जीव एका लेकरावर लावला. रोज टेकडीपलीकडे जायचं आणि लुंबीसाठी कळशीभर पाणी आणायचं. दोघींना पिण्याला तेच, भाकरीचं पीठ मळायला तेच. वरण आमच्या घरातून गेलंच. माझं आणि त्यांचं कधी फार पटलं नाही, विळ्या-भोपळ्याची जोडी आमची, पण त्या वाकलेल्या कमरेवर कळशी घेऊन त्या पांदीतून येताना दिसल्या की मी पुढे होऊन कळशी उतरवून घ्यायचे. मी म्हणायचे, संध्याकाळी मी आणते. त्या म्हणायच्या, "तू मजुरीला जा. दूध इकत आणायचं हाय लेकराला." धम्मदीप निजामाबादला बांधकामावर. तो फोनवर आईला ओरडायचा, मी घरात ओरडायचे. सुंभ जळंल पण पीळ जळायचा नाही.

लुंबीला त्यांनी एक शिकवून ठेवलं होतं. कुणीही पाणी दिलं की आधी विचारायचं, "पाणी कुठलं हाय?" लग्नात, शेजारी, शाळेत. हापशाचं म्हटलं की तांब्या परत. लोक हसायचे. आली मोठी कलेक्टरची नात, म्हणायचे. शाळेत जेवायच्या सुट्टीला ती गुपचूप आपली भाकरी सोडायची. मला कधी कधी पोरीची दया यायची, पण एक सांगते, होळीच्या सुमारास तिच्या गुडघ्यांवरचे घट्टे कमी झाले होते. पोरांच्या मागे पळायला लागली होती. पडायची, पण पळायची. आत्या उंबऱ्यावर बसून बघायच्या. मान वळत नसल्यानं लुंबी नजरेबाहेर गेली की त्या हाक मारायच्या, "इकडून पळ, मला दिसंना."

वैशाख लागला आणि ऊन माणसाला खाऊ लागलं. एसटीचे ड्रायव्हर डोक्यावर ओला टॉवेल घेऊन गाडी चालवत होते. गुरुजींच्या विहिरीचा झरा बारीक झाला. पहाटे शेजारच्या तांड्यावरचे लोक येऊन तळ कोरडा करून जायचे. पुन्हा कळशीभर पाणी साचायला दुपार व्हायची. म्हणून आत्या दुपारी जायच्या. मी भांडले. गुरुजींनीही सांगितलं, एक दिवस नका येऊ. त्या म्हणाल्या, "एका दिवसानंच सुरू होतंय सगळं."

त्या दिवशी मी हळद काढायला गेले होते. तांड्यावरचा एक गुराखी मला बोलवायला आला. आत्या टेकडीच्या उतारावर मोहाच्या झाडाखाली बसलेल्या होत्या. झाडाला पान आलेलं, पण सावली विरळ. डॉक्टर पुढे उष्माघात म्हणाले, पण मला बघताक्षणी कळलं होतं, त्या गेलेल्या होत्या. अंग तव्यासारखं तापलेलं, ओठ फुटलेले. शेजारी कळशी, तळाला दगड लावून नीट बसवलेली, तोंडावर पदराचा फाडलेला तुकडा बांधलेला. मी तो सोडला. कळशी काठोकाठ भरलेली होती.

एक घोट, आत्या. एक घोट घेतला असतात तर काय बिघडलं असतं? त्या दिवशी मला त्यांचा जेवढा राग आला तेवढा आयुष्यात कुणाचा आला नाही. अजूनही येतो.

तिरडीवर त्यांची मान टेकेना. धम्मदीपनं स्वतःचा शर्ट घडी करून खाली ठेवला, तेव्हा कुठे त्या निजल्या.

जलदान विधीला मंडप शाळेच्या पटांगणातच घातला. बाबासाहेबांचा आणि बुद्धाचा फोटो, समोर आत्यांचा, मतदानाच्या ओळखपत्रावरून मोठा केलेला. किनवटहून भंतेजी आले होते. पुढे वाटी, त्यात तांब्यातलं पाणी धार लावून ओतायचं, वाटी भरून वाहीपर्यंत. धम्मदीपनं तांब्या धरला आणि लुंबीला म्हणाला, तूही हात लाव.

लुंबीनं हात लावला नाही. ती म्हणाली, "पाणी कुठलं हाय?"

 गुरुजींनी खाली बघितलं.

"हापशाचं," गौरम्मा मागून म्हणाली. सकाळपासून तीच राबत होती. "मी भरलं गं, माय."

भंतेजी समजावणीनं म्हणाले, "बाळा, दानाला कुठलंही पाणी चालतं."

"आज्जी न्हाई पित ते," लुंबी म्हणाली.

मी उठले. घरात जाऊन आत्यांची कळशी घेतली आणि टेकडीकडे निघाले. कुणी अडवलं नाही. गुरुजी मागून मोटारसायकल घेऊन आले, मी बसले नाही. अर्ध्या वाटेवर पाय भाजायला लागले तेव्हा मोहाचं झाड आलं. मी तिथे थांबले नाही. विहिरीत पाणी साचायची वाट बघत बसले, आणि रोज ही बाई इथे बसून काय विचार करत असेल ते मला काही केल्या सुचेना. परत आले तेव्हा लोक तसेच बसलेले होते. भंतेजीही.

बाप-लेकीनं मिळून धार लावली. वाटी भरली, वाहिली, खालची माती भिजली.

नंतर पंगती बसल्या. एवढ्या माणसांचा स्वयंपाक एका कळशीत होत नसतो. गौरम्मानं भात, वरण, वांग्याची भाजी सगळं हापशाच्या पाण्यावर केलेलं होतं. मी तिला बोलले नाही. डाळ सुरेख मऊ शिजली होती. लोकांनी दोन दोनदा मागून घेतलं. वाढताना मी ऐकत होते, पंगतीत एकजण दुसऱ्याला म्हणाला, "वरण लई झ्याक झालंय. डिट्टो रेणुकाबाईच्या हातचं."

फोटोखाली लुंबी एकटी बसली होती. घरून आणलेली वाळकी भाकरी ती कळशीतल्या उरलेल्या पाण्यात बुडवून खात होती.