नाव न सांगायचं औषध

आमचे मामंजी, म्हणजे माझे सासरे सावळाराम, काविळीचं औषध द्यायचे. दर रविवारी सकाळी, आणि तेही अनशापोटी आलेल्यालाच. ओतूर, मंचर, पारगाव, कुठून कुठून माणसं आमच्या खोडदच्या अंगणात येऊन बसायची, डोळं हळदीवानी पिवळं झालेली. मामंजी नाकात दोन-दोन थेंब सोडायचे. माणूस शिंकून शिंकून बेजार व्हायचा आणि नाकातनं पिवळं पाणी चालू व्हायचं. ते पाणी बघितलं की लोकांना वाटायचं, कावीळच बाहेर पडली.

पैसा घ्यायचा न्हाई, रोग्याच्या घरचा चहासुद्धा घ्यायचा न्हाई, आणि औषध कशाचं हाय ते कुणाला सांगायचं न्हाई. गुरूनं नदीत उभं करून तशी शपथच घातली व्हती. नाव तोंडातनं गेलं की औषधाचा गुण गेला.

मला ह्या गुपिताचं लई हसू यायचं. मामंजी बांधावरच्या वेलाची काटेरी फळं चोरासारखी धोतरात लपवून आणायचे आणि वाळायला पत्र्यावर टाकायचे. कोंबड्या हाकायला मी. रात्री फळ भिजत घातलेली वाटी सकाळी घासायला मी. एवढं करून सुनेला काय कळत न्हाई, असं समजणारा माणूस घरातल्या पुरुषांतच सापडायचा. आमचे मालक कुंडलिकराव खोडदच्या मोठ्या सरकारी दुर्बिणीवर वॉचमन. ते ताऱ्यांच्या गोष्टी सांगायचे, पण आपल्या पत्र्यावर काय वाळतंय ते त्यांना ठाव नव्हतं. मी बोलले न्हाई. सासऱ्याचा मान व्हता, मोडायचा कशाला?

एका साली माझा धाकटा भाऊ भागू काविळीनं पडला. तो ओतूरचा, घरची टमाट्याची शेती. त्याची बायको सोनी त्याला घेऊन रविवारी आली. मामंजींनी थेंब सोडले. भागू असा तळमळला की मलाच बघवंना. नाक धरून म्हणाला, "ताई, आत निखारा ठेवल्यावानी होतंय गं." मामंजी म्हणाले, "होतंच तसं." लांबचं माणूस, परत कुठं येणार, म्हणून त्यांनी उरलेलं पाणी बाटलीत भरून सोनीजवळ दिलं. "उद्या-परवा दोन-दोन थेंब. नाकातच सोडायचं."

सोनीनं विचारलं, "बाबा, कशाचं हाय हे?"

"ते विचारायचं न्हाई, पोरी."

ती गप बसली. मीबी गप बसले.

मंगळवारी आमचे मालक ड्युटी सोडून सायकल हाणत घरी आले. सोनीनं ओतूरच्या दवाखान्यातनं त्यांच्या ऑफिसात फोन लावला व्हता. भागूला उलट्या-जुलाब लागलेत, अंग गार पडलंय, उठून बसवत न्हाई. मी म्हटलं, थेंबानं एवढं? तर मालक म्हणाले, "थेंब न्हाई. नाक जळतंय म्हणून भागूनं सोडू दिलं न्हाई. मग सोनीनं सगळी बाटली त्याला प्यायला दिली. औषधच हाय, पोटात गेलं तर जास्तच लागू पडंल म्हणाली."

सोनीचा असा राग आला की समोर असती तर थोबाडीत दिली असती. पण तिला तरी काय म्हणायचं? विष असतं तर तिनं हात लावला नसता. औषध म्हणून दिलेलं, म्हणून पाजलं.

मालक पुढं म्हणाले, "डॉक्टरला वाटतंय फवारणीचं औषध पोटात गेलं. भागू टमाट्यात फवारत व्हताच. त्यावरचं इंजेक्शन वेगळं हाय, आणि तसं नसताना दिलं तर जिवावर बेतंल म्हणतो. बाटली तर सोनीनं धुवून ठेवली. काय पाजलं ते सांगा म्हणतो."

मामंजी खळ्यावर कांद्याच्या पाती कापत बसले व्हते. त्यांनी सगळं ऐकलं व्हतं. हातातला विळा तसाच राहिला.

मी म्हटलं, "मामंजी, चला. नाव सांगायचंय."

मामंजी म्हणाले, "सारजे, नाव सांगितलं तर गुण जाईल. उद्या कुणाचं पोरगं घेऊन आई दारात आली तर तिला काय देऊ?"

"उद्याचं उद्या. आज माझा भाऊ चाललाय."

"शपथ हाय गं मला."

"मग मी सांगते. मला शपथ न्हाई. देवडांगरी."

मामंजींनी मान वर करून माझ्याकडं बघितलं. इतक्या वर्सांत तो शब्द घरात कुणी तोंडातनं काढला नव्हता. "कवापास्नं ठाव हाय तुला?"

"लग्न होऊन आले तवापास्नं. कोंबड्या कोण हाकतं?"

"कुणाजवळ बोललीस?"

"कुणी विचारलंच न्हाई."

म्हातारा हसंल असं वाटलं, पण हसला न्हाई. विळा बाजूला ठेवून उठला. "तू सांगू नकोस. शपथ माझी हाय, मीच मोडतो," म्हणाला, आणि पत्र्यावरची दोन फळं खिशात टाकून स्टँडवरच्या भाड्याच्या जीपमधी आमच्या आधी जाऊन बसला.

दवाखान्यात भागू पांढराफटक पडला व्हता. मला बघून त्याला रडू आलं आणि मलाबी आवरंना. सोनी कोपऱ्यात उभी. "वन्सं, औषध म्हणून पाजलं वो," एवढंच म्हणत व्हती. मी तिला जवळ घेतलं. राग वाटेतच संपला व्हता.

मामंजी डॉक्टरपुढं उभे राहिले. बाहेर बाकावर रोगी बसलेले, दार उघडं. हळू आवाजात सांगता आलं असतं. पण म्हातारा मोठ्यानं बोलला, "देवडांगरी हाय. एक फळ रात्रभर भिजत घालतो, पाणी गाळून नाकात दोन थेंब. ह्यानं बाटली प्यायली." आणि खिशातलं फळ काढून टेबलावर ठेवलं.

डॉक्टरनं ते इंजेक्शन बाजूला ठेवलं. सलाईन चालूच व्हतं, दुसरं जोडलं, रक्त तपासायला पाठवलं. ह्यावर उतारा असा काही नाही, पाणी कमी पडू द्यायचं नाही आणि लक्ष ठेवायचं, म्हणाला. मामंजींना ओरडला न्हाई. एवढंच म्हणाला, "बाबा, झाडाचं असलं तरी औषध ते औषधच. कुठून द्यायचं, किती द्यायचं, कुणाला द्यायचं नाही, हे सांगायला नको का? आणि काविळी बऱ्याचदा आराम नि पथ्यावर आपल्या आपण उतरतात. ज्या उतरत नाहीत, त्यांना लवकर दवाखान्यात आणायला लागतं. तुमच्याकडं येण्यात त्यांचाच वेळ वाया जातो."

मामंजींनी मान हलवली. दोन दिवसांनी भागू भाताची पेज प्यायला लागला, तवा माझ्या जिवात जीव आला.

रविवारी अंगणात माणसं नेहमीसारखी बसली. मामंजी बाहेर आले आणि म्हणाले, "औषध देवडांगरीचं हाय. पोटात गेलं तर माणूस मरणाच्या दारात जातो. पोटुशीनं, ल्हान पोरानं जवळ करायचं न्हाई. आधी रक्त तपासून या."

लोक एकमेकांकडं बघायला लागले. एक जण म्हणाला, "एवढंच व्हय? ही तर आमच्या बांधाला पडलीया." तो उठला तसे बाकीचेबी उठले. पुढल्या रविवारी चार-दोन आले, त्याच्या पुढल्या रविवारी कुणीच न्हाई.

मामंजी ओट्यावर बसून म्हणाले, "बघ, गुण गेला."

"गुण न्हाई गेला, माणसं गेली," मी म्हटलं. "खोकल्याला अडुळशाचा काढा तुमी नाव घेऊनच देता न्हवं? त्याचा गुण कुठं गेला?"

मामंजी म्हणाले, "सारजे, बरे झालेले देवापुढं फोडायला नारळ घेऊन यायचे. मी नारळ बघायचो. जे आलेच न्हाईत, ते बरेच झाले आसतील, असं धरून चालायचो. भागू तुझा भाऊ म्हणून कळलं. न्हाईतर त्याचंबी मला काय कळलं असतं?"

मी चुलीकडं गेले.

दुसऱ्या दिवशी ते एसटीनं पारगावला गेले. तिथली साळुबाई म्हणून एक नवी नवरी मागं कधीतरी सासूबरोबर आली व्हती, ती परत दिसली नव्हती. संध्याकाळी म्हातारा घरी आला, पाय धुतले, ओट्यावर टेकला. मी विचारलं, "भेटली का?"

"भेटली. लेकरंबाळं हायेत. पाया पडली, चहा केला." मग म्हणाले, "घेतला मी चहा."

"मग बरी हाय की."

"कावीळ उतरली तिची. पण थेंब सोडल्यावर आठ-धा दिवस नाकातनं रक्त येत व्हतं, आणि तवापास्नं तिला वास येत न्हाई. कशाचाच. दूध करपलं तरी कळत न्हाई, लेकराच्या टाळूचा वास कसा असतो ते ठाव न्हाई म्हणाली. मी म्हटलं, पोरी, मला सांगायला का आली न्हाईस? तर म्हणते, बाबा, तुमी फुकट देता. फुकट देणाऱ्याला काय बोलायचं?"

मी ताट वाढलं. मामंजींनी भाकरी मोडली आणि तशीच हातात धरून बसले. "पैसं घेतलं असतं तर भांडायला तरी आली असती," म्हणाले.

सकाळी उठून बघते तर म्हातारा टोपी घालून, पिशवी घेऊन निघालेला.

"आता कुठं?" मी म्हटलं.

"मंचरला. तिथलाबी एक परत आला न्हाई."