निळ्या पक्ष्याची बशी

राष्ट्राध्यक्षांना घरं तीन होती. एक हे टेकडीवरचं, एक नदीकाठी उन्हाळ्यात राहायला आणि एक राजधानीत, सरकारने दिलेलं. या टेकडीवरच्या घराच्या विटा ज्या गुलामांनी भाजल्या त्यांच्या मालकीचं एक खोपटंही नव्हतं. घराचं संग्रहालय झालं तरी हे वाक्य माहितीपत्रकात फार उशिरा आलं आणि आलं तेही शेवटच्या पानावर. घर दाखवायची नोकरी करणारी आर्व्हेला क्वार्ल्स मात्र बावीस वर्षं ते पाहुण्यांना पहिल्या पायरीवरच सांगत आली होती. वर दाराची बिजागरी दाखवून म्हणायची, "ही माझ्या खापरपणजोबांनी घडवली. राष्ट्राध्यक्षांनी दार नुसतं उघडलं." लोक हसायचे. काही जण हसायचे नाहीत, आणि तिला तेच जास्त आवडायचे.

मागच्या बाजूला राष्ट्राध्यक्षांची कबर होती. संगमरवराची, भोवती लोखंडी कुंपण, वर्षातून एकदा सैन्याची फुलं. आर्व्हेला तिथे पाहुण्यांना शांत उभं राहायला सांगायची आणि स्वतः पूर्वेच्या उताराकडे बघत राहायची. उतारावर झाडी होती. झाडीत काय होतं ते या जगात आता तिला एकटीलाच ठाऊक होतं.

मार्चमध्ये तिच्या नवऱ्याच्या, रॉस्कोच्या, खुब्याचं ऑपरेशन झालं. तीन महिने ती त्याच्या उशापायथ्याशी घरीच होती. जूनमध्ये कामावर परतायच्या आदल्या दिवशी ती मक्याचा पाव तव्यावरून काढत होती, आणि रॉस्को काठी टेकत स्वयंपाकघरात आला.

"पाय तर बरा झाला," तो म्हणाला. "आता कुठली सबब काढणार आहेस?"

"कसली सबब?"

"उगाच साळसूदपणाचा आव आणू नकोस. पन्नास वर्षं झाली. माझी लेक कुठे पुरलीय ते मला माहीत नाही. आधी तुझी आजी होती म्हणून गप्प बसलो. म्हातारी जाऊन चाळीस वर्षं झाली. आता तिला चुगली करायला कोण जातंय?"

"तू सांगशील ना गावभर. न्हाव्याकडे बसलास की तुझ्या तोंडात तीळ भिजत नाही."

"न्हाव्याकडे जायला डोक्यावर केस लागतात, बाई." मग तो खुर्चीत बसला आणि त्याचं हसू गेलं. "मी त्र्याहत्तरचा झालो, आर्व्हेला. एकदा तिच्यापाशी उभं राहू दे मला. नंतर माझी जीभ कापून ठेव."

तिने पाव त्याच्यापुढे ठेवला. "शनिवारी," ती म्हणाली. "शनिवारी नेते तुला."

त्याने पावाला हातही लावला नाही.

१९६९च्या जानेवारीत रॉस्को व्हिएतनाममध्ये होता. आर्व्हेला वीस वर्षांची. बर्फाने रस्ता बंद होता, त्यामुळे सुईणीचं काम आजीनेच केलं. आजीला सगळे मामा टेम्पी, म्हणजे टेम्पी आई, म्हणत. मुलगी झाली, पण अंगात जीव नव्हता. दूध ओढायचं बळच नाही. मामा टेम्पी बशीत साखरेचं पाणी घेऊन कापसाच्या बोळ्याने तिच्या ओठांवर पिळायची. ती बशी खूप जुनी होती. कधीकाळी मोठ्या घराच्या स्वयंपाकघरातून टवका उडाला म्हणून टाकलेली, आणि टाकलेलं ते आमचं या न्यायाने घरी आलेली. मध्ये निळा पक्षी होता. तीन दिवस त्या बशीतलं पाणी पोरीच्या ओठांना लागलं. चौथा दिवस तिने पाहिला नाही. नवव्या दिवसाआधी नाव ठेवायची पद्धत नव्हती, म्हणून ती नावाशिवायच गेली.

पूर्वेच्या उतारावर मामा टेम्पीची सगळी माणसं होती. गुलामीतली, गुलामीनंतरची. डोक्याशी शेतातला एक ओबडधोबड दगड, वर जमिनीलगत पसरणारी निळ्या फुलांची वेल आणि माणसाने शेवटचं हाताळलेलं भांडं, फोडून ठेवलेलं. फोडायचं कशासाठी, तर साखळी तुटावी, मागून लगेच दुसरं कुणी जाऊ नये. जमीन दगडासारखी गोठली होती. दोघींनी मिळून कसाबसा गुडघ्याएवढा खड्डा केला. मामा टेम्पीने बशी दगडावर आपटली.

"सगळे तुकडे ठेव," ती म्हणाली. "एक जरी घरी आला तरी पोरीला झोप लागायची नाही. आणि ही जागा कुणाला सांगायची नाही. नवऱ्यालासुद्धा नाही. माझ्या लहानपणी कॉलेजचे डॉक्टर आपली मढी उकरून न्यायचे, चिरफाड शिकायला. माझ्या चुलत्याला पुरला आणि तिसऱ्या दिवशी खड्डा रिकामा. मेलेल्यांचा पत्ता देऊ नये, पोरी. कितीही गोड बोलून विचारला तरी."

आर्व्हेलाने शपथ घेतली आणि जागा सांगितली नाही. पण एक तुकडा तिने मुठीत लपवून घरी आणला, पक्ष्याचं डोकं असलेला. कितीही झालं तरी आई होती ती. पन्नास वर्षं तो तुकडा साखरेच्या डब्यात तळाशी होता. पुढे मूल झालं नाही. याला कारण तो तुकडा, असं तिने मनाशी धरलं होतं आणि तरीही तो तिच्याने टाकवला नव्हता.

सोमवारी ती कामावर गेली, तर पूर्वेच्या उतारावर झाडी नव्हती. उतारच नव्हता. सपाट जागेवर पांढरी खडी पसरली होती आणि तिच्यावर शाळेच्या दोन पिवळ्या बसगाड्या उभ्या होत्या.

"मिस आर्व्हेला! आलात!" मेरेडिथ धावत आली. घराच्या आवारात उत्खनन करणारी ही तरुण मुलगी मनाने चांगली होती. आर्व्हेलाच्या हातचं शेंगदाण्याचं सूप मागून घेऊन प्यायची. "चला, तुम्हाला आधी एक गंमत दाखवते. कधीची वाट बघतेय तुमची!"

आर्व्हेला तिच्यामागून गेली. नव्या दालनात काचेची पेटी होती. वर लिहिलं होतं: राष्ट्राध्यक्षांच्या टेबलावरून. आत दिव्याच्या उजेडात फुटक्या चिनी मातीचे तुकडे मांडले होते. मधोमध निळा पक्षी होता. पंख होते, शेपटी होती. डोकं नव्हतं.

"स्वयंपाकघराचा कचरा टाकायची जागा असणार ती," मेरेडिथ सांगत होती. "मशिनने वरचा थर खरवडला तेव्हा तुकडे दिसले. मी अक्षरशः मशिनपुढे आडवी झाले. चार बादल्या भरून मिळाले! हा पक्षी सगळ्यांत सुंदर. डोकं मात्र सापडलं नाही."

"बस तर पश्चिमेला थांबणार होत्या," आर्व्हेला म्हणाली.

"हो, पण तिथे ती दोन जुनी ओकची झाडं आहेत ना. विश्वस्त मंडळाला ती तोडायची नव्हती. आणि पूर्वेला काही नाही असं माझ्या अहवालात होतंच. आठवतं? फेब्रुवारीत मी तुम्हाला विचारलं होतं."

आठवत होतं. सामान ठेवायच्या कपाटाशी उभ्या उभ्या मेरेडिथने विचारलं होतं, पूर्वेला जुनी घरं, थडगी, काही तुमच्या ऐकण्यात आहे का? आणि आर्व्हेला हसून म्हणाली होती, "काटे आहेत नि कोल्हे आहेत." मेरेडिथने ते वहीत लिहून घेतलं होतं. अहवालात त्याचं वाक्य झालं होतं: वंशजांच्या माहितीनुसार तेथे काही नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. हिने मूठ अशी घट्ट झाकली की त्या झाकल्या मुठीच्या भरवशावरच यंत्र फिरलं.

"दगड होते ना तिथे?" तिने विचारलं. "ओबडधोबड. रांगेत."

"होते की. फार छान दगड. वाटेच्या कडेने बुटकी भिंत बांधली त्यांची."

"आणि वरची माती?"

"पसरली सगळीकडे. खालचा खड्डा भरायला, जागा सपाट करायला..." मेरेडिथ थांबली. आर्व्हेलाने पर्समधून डबा काढला होता. शनिवारी रॉस्कोला आणण्याआधी तुकडा जागेवर परत ठेवावा म्हणून तिने सकाळीच साखर ओतून तो डबा पर्समध्ये टाकला होता. तिने तुकडा काचेवर ठेवला. खाली पक्ष्याचं धड होतं, वर डोकं.

"कचरा नाही तो," आर्व्हेला म्हणाली. "माझी मुलगी आहे."

मग तिने सगळं सांगितलं. मेरेडिथ खालीच बसली. रडली, माफी मागितली, बस आजच थांबवते म्हणाली, मंडळाशी भांडते म्हणाली. म्हणाली, मोठी माणसं खोल असतील, ती अजून खाली असतील, आपण शोधू.

"माझी खोल नव्हती," आर्व्हेला म्हणाली. "जमीन गोठली होती."

इथली लाल माती तान्ह्या हाडांचं काही मागे ठेवत नाही, हे मेरेडिथइतकं कुणाला माहीत होतं?

"तू का रडतेस?" आर्व्हेला शेवटी म्हणाली. "तू विचारलं होतंस, पोरी. विचारणारी पहिली तूच. खोटं मी बोलले."

रॉस्कोला तिने त्याच संध्याकाळी सांगितलं. तिला वाटलं, तो ओरडेल. ओरडला असता तर बरं झालं असतं. तो उठून ओट्याशी गेला, नळ सोडला, हात धुतले, आणि धूतच राहिला. शेवटी नळ बंद करून म्हणाला, "शनिवारी तरीही जाऊ."

शनिवारी त्याने कोट घातला, टाय लावला. जूनचं ऊन मी म्हणत होतं. मेरेडिथने दोऱ्या लावून खडीची जागा बंद केली होती. बस खाली मोठ्या रस्त्यावर थांबत होत्या, आणि चढ चढावा लागतो म्हणून पाहुणे कुरकुरत वर येत होते. दोरीपाशी रॉस्कोने टोपी काढली.

"कुठे?"

आर्व्हेलाने हात उचलला. पन्नास वर्षं तिला ती जागा डोळे मिटून सापडली असती. बीचचं झाड, त्याच्या डाव्या हाताला सात पावलं. आता झाड नव्हतं, डावं-उजवं नव्हतं. हात हवेत तसाच राहिला.

"माहीत नाही रे," ती म्हणाली आणि तिचा बांध फुटला. "इथे आहे. सगळीकडेच आहे. त्या भिंतीखाली असेल, खालच्या खड्ड्यात असेल. तू मागत होतास तेव्हा मी द्यायला हवी होती. माझ्याकडे होती तेव्हा दिली नाही तुला."

रॉस्कोने दोरी वर उचलली आणि वाकून आत गेला. खडीवर काठी टेकली, खडी करकरली. तो थबकला. त्याने काठी उचलून बगलेत धरली आणि काठीशिवाय, त्या अर्ध्या बऱ्या पायावर, तोल सावरत, अलगद पाऊल टाकू लागला.

"अरे, पडशील!" आर्व्हेला घाबरून मागे धावली. "काठी टेक, रॉस्को!"

"नको," तो म्हणाला. "तिला लागेल."