कडूबाईंचा पिच्चर आणि माझं लाल बटण

मित्रांनो, आता माझ्या तोंडात कॅसेट सारली, तर बहुतेक मी ती चावूनच टाकीन. इतका जुना व्हीसीआर आहे मी. १९९३ साली संगमेश्वरअप्पांनी मला घाटनांदूरला आणलं. त्यांच्या किराणा दुकानामागच्या पत्र्याच्या खोलीत व्हिडिओ सेंटर होतं. शेजारी दुसरा व्हीसीआर होता. त्याच्यात कॅसेट चालायची आणि माझं लाल बटण दाबलं, की तिची नक्कल माझ्यात उतरायची.

मला भारी कुतूहल! कॅसेटीतली ही माणसं कुठून येतात? काही कॅसेटींत चित्र हलायचं आणि मध्येच कुणाचं तरी डोकं आडवं यायचं. टॉकीजमध्ये चोरून कॅमेरा लावतात, हे पुढे कळलं.

अशाच एका कॅसेटमध्ये उसाचा फड दिसला. डोक्यावर मोळी घेतलेली बाई आमच्याच गावची कडूबाई निघाली! दरवर्षी ऊसतोडीला जाणाऱ्या कडूबाईंना चौसाळ्याच्या उत्तरेश्वर सरांनी शाळेची नोकरी सोडून काढलेल्या आपल्या पहिल्या पिच्चरमध्ये घेतलं होतं. सगळा गाव लोटला. कडूबाई पुढेच बसल्या होत्या.

"मी अशी दिसती व्हय?" म्हणत त्या पदरात हसल्या. अप्पांनी आसपासच्या गावांसाठी नकला काढल्या.

आठवड्याने उत्तरेश्वर सर गावात आले. कडूबाई त्यांना थेट आमच्या खोलीत घेऊन आल्या.

"सर, समद्या गावानं तुमचा पिच्चर पायला. लई आवडला!"

"कुठं पायला?"

कडूबाईंनी माझ्याकडे बोट दाखवलं. सर तिथल्या पोत्यावर बसले.

"अंबाजोगाईच्या टॉकीजातून तिसऱ्या दिवशीच काढून टाकला," ते हळूच म्हणाले. "मानसं कावून येत न्हाईत, तेच कळंना. मला वाटलं, मलाच जमलं न्हाई."

अप्पा पुटपुटले, "मी न्हाई दाखवला, तर दुसरा कुनी दाखवंल की."

"अन् दुसरा पिच्चर, सर?" कडूबाईंनी विचारलं. "त्यात मी मुकादमाला भर फडात जाब इचारनार व्हते ना?"

"न्हाई व्हायचा आता, बाई. शाळेवर परत जातो."

सर गेल्यावर कडूबाई अप्पांना म्हणाल्या, "अप्पा, मला बगायला गाव तुमच्याकडं आलं, अन् माजंच काम गेलं."

दुसऱ्या दिवशी अप्पांनी माझ्या लाल बटणावर चिकटपट्टी लावली. दुसरीकडे नकला निघतच राहिल्या. पण आमच्याकडे पुन्हा एकही निघाली नाही. दसरा झाला आणि कडूबाई कोयता घेऊन कारखान्याच्या गाडीत बसल्या.

मित्रांनो, आता म्हणे तुमच्या फोनवर बोट लावलं, की चोरीचा पिच्चर उतरतो. बोट लावण्याआधी एवढंच विचारा, हा कुणी केला आणि आपण पाहिला हे त्याला कधी कळणार आहे का?

भर फडात कडूबाई मुकादमाला काय विचारणार होत्या, हे मला फार ऐकायचं होतं. ते कुणी लिहिलंच नाही.